सरकारी वकील व्हायचंय : वाचकांच्या प्रश्नांना उत्तरं

गेल्या अंकात सरकारी वकिलांच्या नेमणुकांवर लिहिलं, त्यानंतर बरीच पत्रं आली. त्यातली काही निवडून इथे उत्तरं देते आहे. नावं छापू नयेत अशी बहुतेकांची विनंती होती, म्हणून फक्त गाव किंवा जिल्हा दिला आहे. मी मराठवाड्यातल्या एका जिल्हा न्यायालयात सहायक सरकारी वकील म्हणून लागले, पुढे सत्र न्यायालयात फौजदारी खटले चालवले आणि शेवटी जिल्हा सरकारी वकील म्हणून काम केलं. उत्तरं त्या अनुभवातून आली आहेत.

प्रश्न : माझी सनद सहा वर्षांची आहे. वरिष्ठांकडे राहून दिवाणी-फौजदारी दोन्ही कामं करतो. सरकारी वकील व्हायचं तर एमपीएससीची परीक्षा द्यावी की नेमणुकीसाठी अर्ज करावा? (एक वकील, बीड)

उत्तर : तुमच्यासमोर दोन निरनिराळ्या वाटा आहेत. त्यांची गल्लत होते, कारण बाहेरचे लोक दोघांनाही 'सरकारी वकील' म्हणूनच हाक मारतात.

पहिली वाट सहायक सरकारी अभियोक्त्याची, म्हणजे एपीपीची. हे लोक दंडाधिकाऱ्यांच्या कोर्टात शासनाच्या बाजूने खटले चालवतात. भरती लोकसेवा आयोगामार्फत होते. पगार, बदली, सेवापुस्तक, सगळं इतर अधिकाऱ्यांसारखं. या पदामागे एक इतिहास आहे आणि तो आपल्याच राज्यातला आहे. पूर्वी खालच्या कोर्टात खटले चालवणारे प्रॉसिक्युटर पोलीस खात्याच्या हाताखाली असत. ज्यांनी तपास केला त्यांच्याच अधिकाऱ्यांना खटला चालवणारा वकील जबाबदार, अशी ती रचना होती. 'एस. बी. शहाणे विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या १९९५च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ती मोडायला लावली. एपीपींचा स्वतंत्र संवर्ग करा आणि त्यांना पोलिसांच्या नियंत्रणातून बाहेर काढा, असा तो आदेश होता. परीक्षेला बसणाऱ्या प्रत्येकाने तो निकाल मुळातून वाचावा. मुलाखतीत विचारतील म्हणून नव्हे, तर आपण कुठल्या खुर्चीवर बसणार आहोत ते कळावं म्हणून.

दुसरी वाट नेमणुकीची. सत्र न्यायालयातले सरकारी अभियोक्ते, दिवाणी बाजूचे सहायक सरकारी वकील, जिल्हा सरकारी वकील आणि उच्च न्यायालयातले एजीपी (असिस्टंट गव्हर्न्मेंट प्लीडर, म्हणजे सहायक सरकारी वकील) हे सगळे तिच्यात येतात. फौजदारीसाठी आता, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १८ बघायचं. तिथे वकिलीचा किमान सात वर्षांचा अनुभव लागतो, विशेष सरकारी वकिलासाठी दहा वर्षांचा. महाराष्ट्रात विधी अधिकाऱ्यांच्या नेमणुका, सेवाशर्ती आणि मोबदल्याचे १९८४चे नियम आहेत, तेही मिळवून वाचा. कोल्हापूरला १८ ऑगस्ट २०२५पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं, म्हणजे मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरच्या जोडीला तिथेही शासनाची बाजू मांडणारे वकील लागतात.

तुम्हाला सात वर्षं व्हायला अजून अवकाश आहे. तोवर एक करा. सत्र खटले हातात घ्या, आरोपीच्या बाजूने का होईना. ज्याने स्वतः डॉक्टरचा उलटतपास घेतलेला नाही त्याला उद्या डॉक्टरचा सरतपासही (आपल्याच साक्षीदाराची पहिली तपासणी) नीट घेता येत नाही. गरीब आरोपींना मोफत वकील मिळतो अशा खटल्यांसाठी तुमच्यासारख्यांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे चौकशी करावी. फी कमी मिळते, पण खटला संपूर्ण चालवायला मिळतो.

प्रश्न : माझे पती दोन वर्षांपासून एजीपी आहेत. खासगी कामं त्यांनी जवळपास बंद केली आहेत. सरकार बदललं की काढून टाकतील अशी धास्ती घरात असते. बिलं वेळेवर निघत नाहीत. ही नोकरी सुरक्षित आहे का? (एक वाचक, परभणी)

उत्तर : ताई, ही नोकरी नाही, आणि घरात सगळ्यांनी हे आधी मान्य करावं. शासन अशिलासारखं येतं, वकील नेमतं, मुदत संपली की दुसरा नेमू शकतं.

याचा अर्थ कसंही काढता येतं असा मात्र नाही. १९९० साली उत्तर प्रदेश शासनाने एका फटक्यात राज्यातल्या सगळ्या जिल्ह्यांतल्या सरकारी वकिलांच्या नेमणुका संपवल्या. 'कुमारी श्रीलेखा विद्यार्थी' या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला आणि सांगितलं की अशा नेमणुकांमध्येही शासनाला मनमानी करता येणार नाही, समानतेचा अनुच्छेद १४ इथेही लागू आहे. पण २००४च्या 'जोहरीमल' निकालात हेही स्पष्ट झालं की मुदतवाढ मिळालीच पाहिजे असा हक्क कुणाला नाही. तुमच्या यजमानांचं संरक्षण या दोन निकालांच्या मधे आहे, तेवढंच.

म्हणून खासगी काम बंद करणं मला पटत नाही. शासनाच्या विरोधात वकीलपत्र घेता येत नाही आणि ते योग्यच आहे. पण दोन खासगी पक्षकारांमधले वाटपाचे दावे, खरेदीखताचे वाद, भाडेकरूंची प्रकरणं यांना काय हरकत? नेमणूकपत्रातल्या अटी बघून तेवढी कामं त्यांनी चालू ठेवावीत. घर त्यावर चालतं, आणि त्याहून मोठी गोष्ट म्हणजे ज्याला उद्याच्या मुदतवाढीची भीती वाटत नाही तोच वकील एखाद्या खात्याला 'हे बरोबर नाही' असं सांगू शकतो.

बिलांचं म्हणाल तर एक सवय लावून घ्यायला सांगा. प्रत्येक प्रकरणाची नोंद वहीत : प्रकरण क्रमांक, नेमणुकीच्या पत्राचा क्रमांक, कुठल्या तारखेला काय काम झालं. रोजनाम्याची, म्हणजे कोर्टातल्या रोजच्या कामाच्या नोंदीची, नक्कल त्याच आठवड्यात काढून ठेवायची. देयकं अडतात ती बहुतेक वेळा कागद अपुरा म्हणून, आणि दोन वर्षांपूर्वीचा रोजनामा शोधत रेकॉर्ड रूमच्या पायऱ्या झिजवण्यापेक्षा हे बरं.

प्रश्न : सत्र न्यायालयात नुकतीच माझी नेमणूक झाली. जामीन अर्ज आला की पोलीस अधिकारी सांगतात, 'मॅडम, से कडक द्या.' दुसरीकडून कुणाचा तरी फोन येतो, 'जरा सांभाळून घ्या.' कुणाचं ऐकायचं? (एक महिला वकील, धाराशिव)

उत्तर : केस डायरीचं, म्हणजे पोलिसांच्या तपासाच्या नोंदवहीचं ऐकायचं. 'से' म्हणजे अर्जावर सरकारी पक्षाचं लेखी म्हणणं, ते तिच्यावरून द्यायचं.

सविस्तर सांगते, कारण तुमच्या साऱ्या कारकिर्दीचा पाया इथेच घातला जातो.

माझ्याकडे आलेलं एक प्रकरण घ्या. बांधावरून दोन भावकीत मारामारी. फिर्यादीत खुनाच्या प्रयत्नाचं कलम, तेव्हाचं ३०७, आताच्या भारतीय न्याय संहितेत १०९. साडेदहाला कोर्टाचे पैरवी हवालदार फाईल घेऊन आले, सोबत टाइप केलेला से तयारच होता : 'आरोपीने जिवे मारण्याच्या उद्देशाने प्राणघातक हल्ला केला असून...' मी तो बाजूला ठेवला आणि डायरीतला जखमेचा दाखला उघडला. डाव्या दंडावर एक जखम, बोथट हत्याराने, स्वरूप साधं. डोक्याला, पोटाला काही नाही. जखमीला दवाखान्यातून त्याच दिवशी घरी पाठवलेलं. मग से मी हाताने लिहिला. फिर्याद काय आहे, दाखला काय सांगतो, काठी जप्त झाली आहे, तपासाचं कुठलं काम बाकी आहे, आणि जामीन द्यायचा झाल्यास आरोपीने फिर्यादीच्या शेताकडे फिरकू नये अशी अट घालावी. तपासी अधिकारी नाराज झाले. पण पुढे त्याच अधिकाऱ्यांच्या दुसऱ्या एका गंभीर गुन्ह्यात मी उभी राहून 'या आरोपीला जामीन देऊ नये' म्हटलं, तेव्हा न्यायाधीशांनी माझा से बारकाईने वाचला. प्रत्येक अर्जाला तीव्र विरोध करणाऱ्या वकिलाचा विरोध कुणी मनावर घेत नाही. तुमच्या शब्दाला वजन राहतं ते असं.

याला कायद्याचा आधार आहे. 'हितेंद्र विष्णू ठाकूर विरुद्ध महाराष्ट्र राज्य' (१९९४) या टाडाच्या, म्हणजे तेव्हाच्या दहशतवादविरोधी कायद्याच्या, खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की सरकारी वकील हा तपास यंत्रणेचा भाग नाही, तो स्वतंत्र आहे. पोलिसांचा अर्ज आला आणि पुढे सरकवला, एवढं त्याचं काम नाही. त्याने स्वतः विचार करून अहवाल द्यायचा असतो. हा निकाल टेबलाच्या काचेखाली ठेवण्यासारखा आहे.

फोनचं सोपं आहे. 'जे म्हणायचं ते लेखी पाठवा, मी फाईलला लावते,' एवढंच सांगायचं. आवाज न चढवता, दर वेळी तेच वाक्य. लेखी सहसा येत नाही.

खटला मागे घेण्यासाठी दबाव आला तर प्रकरण जास्त नाजूक होतं. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं कलम ३२१, आताचं नागरिक सुरक्षा संहितेतलं ३६०. शासन सांगू शकतं, पण अर्ज सरकारी वकिलाने स्वतःच्या सारासार विचाराने करायचा असतो आणि कोर्टाची संमती लागते. नव्या संहितेत तर पीडिताला म्हणणं मांडायची संधी दिल्याशिवाय कोर्टाला परवानगी देता येत नाही. आमदार-खासदारांवरचे, आजी असोत की माजी, खटले उच्च न्यायालयाच्या परवानगीशिवाय मागे घेऊ नयेत असं सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२१मध्ये बजावलं आहे. तेव्हा 'शासनाचा आदेश आला म्हणून अर्ज केला' हे कोर्टात सांगायला जागाच नाही. कारणं तुम्हाला पटली तरच सही करा.

आणि एक गोष्ट तुम्ही विचारलेली नाही, तरी सांगते. साक्षीदारांकडे बघा. सकाळी पहिल्या एसटीने आलेला पंच संध्याकाळपर्यंत व्हरांड्यात उकिडवा बसून असतो, त्याची मजुरी बुडालेली असते, आणि पाच वाजता त्याला 'पुढची तारीख' एवढंच ऐकू येतं. अशा तीन तारखा झाल्या की चौथ्या वेळी तो फितूर होतो आणि आपण त्याला दोष देतो. साक्षीदाराला शासनाकडून खर्च मिळण्याची तरतूद आहे. त्याच्यासाठी अर्ज द्या. साक्ष होणार नसेल तर अकरा वाजताच त्याला मोकळं करायला कोर्टाला विनंती करा. सांगून ठेवते, निकालांवर याचा जो परिणाम होतो तो युक्तिवादाने होत नाही.

प्रश्न : आमची जमीन पाझर तलावात गेली. कोर्टाने मावेजा (भरपाई) वाढवून दिला, तरी सरकारने अपील केलं. मी आता लॉ करतो आहे. सरकारी वकील शेतकऱ्याच्या विरोधातच असतात का? (एक विद्यार्थी, लातूर जिल्हा)

उत्तर : तुमच्या प्रश्नातली चीड रास्त आहे. मराठवाड्यात दिवाणी सरकारी वकिलाचा निम्मा दिवस भूसंपादनाच्या संदर्भ अर्जांमध्ये, म्हणजे मावेजा वाढवून मागणाऱ्या अर्जांमध्ये, जायचा. पाझर तलाव, कालवे, रस्ते, आणि ३० सप्टेंबर १९९३च्या किल्लारीच्या भूकंपानंतर नव्या गावठाणांसाठी घेतलेल्या जमिनी. एका प्रकल्पाच्या अर्जांच्या प्रत्येक संचात तीच कागदं : सातबारा, विहिरीचा पंचनामा, आंब्याच्या झाडांची मोजणी, शेजारच्या गटाची खरेदीखतं.

सरकारी वकिलाने तिथे लढायचंच असतं. खोटी झाडं दाखवली असतील, विक्रीचा दाखला दहा कोस लांबच्या बागायती जमिनीचा असेल, तर उलटतपास घेऊन ते कोर्टासमोर आणणं त्याचं कर्तव्य आहे. तिजोरीतला पैसाही लोकांचाच. पण निकाल लागल्यानंतर त्याच्यावर दुसरी जबाबदारी येते आणि तिच्याबद्दल फार कमी बोललं जातं : अपील करावं की नाही याचा अभिप्राय.

१८९४च्या जुन्या भूसंपादन कायद्यात वाढीव रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिलं वर्ष नऊ टक्के आणि त्यापुढे पंधरा टक्के व्याज होतं. शिवाय जमीन सक्तीने घेतल्याबद्दलची तीस टक्के दिलासा रक्कम वेगळी. आता साधा हिशेब करा. वाढीव रक्कम एक लाख असेल तर वर्षाला पंधरा हजार व्याज. अपील दहा वर्षं रेंगाळलं तर नुसतं व्याज दीड लाख. अपील हरणार हे दिसत असताना ते दाखल करणं म्हणजे शेतकऱ्याला ताटकळत ठेवणं आणि शासनाचंही नुकसान करणं. दोन्ही एकाच सहीने.

माझ्याकडे एका तलावाचा पूर्ण संच होता. कोर्टाने दर वाढवला तो कशाच्या आधारावर? भूसंपादन अधिकाऱ्यांच्या स्वतःच्या, मावेजा ठरवणाऱ्या निवाड्यात ज्या खरेदीखताचा उल्लेख होता, त्याच्याच. शेजारचाच गट, अधिसूचनेच्या आधीचा व्यवहार. म्हणजे शासनाच्याच कागदाने शासन हरलं होतं. अभिप्राय मी अर्ध्या पानात दिला : दर योग्य, अपिलास वाव नाही, रक्कम लवकर भरल्यास व्याज वाचेल, आणि खाली व्याजाचा आकडा मांडला. नुसतं 'अपील करू नये' लिहिलं की फाईल वर जाते आणि 'तरीही अपील करावे' असा शेरा घेऊन खाली येते. आकडा मांडला की वरचा अधिकारी थांबून विचार करतो. त्या संचातल्या बहुतेक शेतकऱ्यांची रक्कम कोर्टात भरली गेली.

उलट बाजूही खरी आहे. जिथे अपील व्हायलाच हवं असतं तिथे नव्वद दिवसांची मुदत फायली फिरण्यात निघून जाते. सर्वोच्च न्यायालयाने २०१२मध्ये पोस्टमास्टर जनरल यांच्या प्रकरणात स्पष्ट सांगितलं की फाईल अनेक टेबलांवर फिरली ही सबब शासनाला वेगळी सवलत म्हणून मिळणार नाही. म्हणून निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज टाकणारा सरकारी वकील हवा.

तुम्ही लॉ पूर्ण करा आणि या बाजूला जरूर या. ज्याच्या घरची जमीन गेली आहे त्याला तो सातबारा वाचायला शिकवावा लागत नाही.

प्रश्न : खरं सांगा, वशिल्याशिवाय नेमणूक होते का? (एक वकील, नांदेड)

उत्तर : होते. माझी झाली, माझ्या ओळखीतल्या कित्येकांची झाली. वशिल्याने झालेल्याही पाहिल्या आहेत आणि त्याचा मला आजही राग येतो, कारण त्याची किंमत कोर्टात उभ्या असलेल्या फिर्यादीला मोजावी लागते. कायदा सांगतो की जिल्हाधिकाऱ्यांनी सत्र न्यायाधीशांशी सल्लामसलत करून नावांची यादी करायची. हा सल्ला मनापासून घेतला तर अर्धा प्रश्न सुटतो, कारण कोण तयारी करून येतो आणि कोण तारखा मागतो हे न्यायाधीशांइतकं कुणालाच माहीत नसतं. २०१६मध्ये पंजाबच्या 'ब्रिजेश्वर सिंग चहल' प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने राज्यांना बजावलं की विधी अधिकाऱ्यांची निवड पारदर्शक आणि गुणवत्तेवर व्हावी. वकील संघांनी हा निकाल घेऊन आपापल्या जिल्ह्यात विचारणा करावी. आपल्याकडे बार रूममध्ये कुजबुज होते, ठराव होत नाहीत.

प्रश्न : सरकारी वकील राहिल्यावर पुढे न्यायाधीश होता येतं का? (एक वाचक, जालना)

उत्तर : येतं. जिल्हा न्यायाधीशाच्या थेट भरतीसाठी सात वर्षं वकिली लागते, आणि पगारी सरकारी वकिलांचा काळही वकिली म्हणून धरला जातो असं 'दीपक अग्रवाल' प्रकरणात २०१३ला ठरलं. उदाहरणं आपल्या राज्यातलीच देते. अमरावतीचे भूषण गवई १९९२-९३मध्ये नागपूर खंडपीठात सहायक सरकारी वकील होते, २०००मध्ये तिथेच सरकारी वकील झाले, २००३मध्ये उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती आणि २०२५मध्ये देशाचे सरन्यायाधीश. त्यांच्या आधी यशवंतराव चंद्रचूड १९५८ला मुंबई उच्च न्यायालयात सरकारी वकील होते. नौदल अधिकारी नानावटी यांच्यावरच्या गाजलेल्या खून खटल्यात उच्च न्यायालयात राज्याची बाजू त्यांनीच मांडली. १९६१ला ते न्यायमूर्ती झाले आणि १९७८ ते १९८५ सरन्यायाधीश राहिले.

प्रश्न : महाधिवक्ता म्हणजे सरकारी वकिलांचे साहेब का? (एक विद्यार्थिनी, पुणे)

उत्तर : सेवेतल्या वरिष्ठासारखे नव्हेत. महाधिवक्ता हे घटनात्मक पद आहे, अनुच्छेद १६५. नेमणूक राज्यपाल करतात, उच्च न्यायालयाचा न्यायमूर्ती होण्याची पात्रता लागते, आणि राज्यपालांची मर्जी असेपर्यंत पद राहतं. विधिमंडळात बोलता येतं, मत देता येत नाही. एच. एम. सिरवई १९५७ ते १९७४ इतका दीर्घ काळ या पदावर होते. संसदेच्या घटनादुरुस्तीच्या अधिकारावरच्या केशवानंद भारती खटल्यात केरळ राज्यातर्फे युक्तिवाद करणारे तेच. मधल्या काळात मुख्यमंत्री बदलत गेले आणि ते राहिले, यावरून एका वकिलाच्या शब्दाला किती मान असू शकतो ते लक्षात येईल.

प्रश्न : अर्जासोबत काय जोडावं? (एक वकील, हिंगोली)

उत्तर : सनद, वकील संघाचा अनुभवाचा दाखला आणि जाहिरातीत मागितलेली बाकीची कागदपत्रं. त्याखेरीज तुम्ही स्वतः शेवटपर्यंत चालवलेल्या प्रकरणांची यादी द्या, आणि त्यातल्या चार-पाच निकालांच्या नकला. हरलेलं एखादं प्रकरणही घाला, जर त्यात तुमचा उलटतपास निकालपत्रात उतरला असेल. वरिष्ठांच्या नावावरची प्रकरणं स्वतःची म्हणून दाखवू नका. मुलाखतीत कुणीतरी हमखास विचारतं, 'या खटल्यात डॉक्टरांची साक्ष कुणी घेतली?'